हा वर्गीस कोण?

एल्याचेडत्तीने, म्हणजे गावाच्या थोरल्या एल्याताईने, पडवीच्या खांबाला पाठ टेकून सगळे शांतपणे ऐकून घेतले. पायरीखाली उभा असलेला माणूस हात जोडून, मान किंचित तिरकी करून बोलत होता. त्याच्या अंगावरचा पांढरा सदरा कडक इस्त्रीचा होता आणि तोंडातले शब्द त्याहून कडक.

"आदरणीय मातोश्री, येत्या निवडणुकीत छत्री या चिन्हावर शिक्का मारून आपले बहुमूल्य मत वर्गीस यांना द्यावे, अशी नम्र विनंती."

चेडत्तीने पायरी उतरून त्याच्या कपाळावर हाताची उलटी बाजू ठेवली.

"ताप आलाय का रे तुला, कोंबड्या?"

"नाही, मातोश्री."

"मग असा रेडिओसारखा का बोलतोस? बस तिथं. काळी कॉफी टाकते."

"आपल्या आशीर्वादाची शिदोरी लाभली, तरी..."

"कॉफी पिणार की नाही, तेवढं सांग."

"पिईन."

"हं, आत्ता माणसात आलास." चेडत्ती आत वळता वळता दारात थांबली. "मत देईन मी. तू सांगायला आलास म्हणजे झालं. तुझ्या गिरणीतल्या पिठाचा पुट्टू खाऊन हाडं टिकलीत माझी. पण मला सांग, हा वर्गीस कोण? कुठला? स्वतः का नाही आला? पाय मोडलेत का त्याचे, म्हणून तुला उन्हातान्हात फिरवतोय?"

छत्री चिन्हाचे उमेदवार सी. के. वर्गीस स्वतःच तिच्या पायरीशी उभे होते. त्यांच्यामागे रिक्षावाला इनाशूला अचानक खोकल्याची उबळ आली आणि तो फणसाच्या झाडाकडे तोंड करून उभा राहिला. त्याचे खांदे मात्र खोकणाऱ्या माणसाचे नव्हते.

"चेडत्ती, मीच तो. मीच वर्गीस."

"जा रे!" चेडत्तीला हसू आवरेना. "म्हातारीची टिंगल करतोस? तू कसला वर्गीस? या घरात सून होऊन आले तेव्हापासून बघते तुला."

पुत्तनकोळ गावात चेहरा सरळ ठेवून थापा मारणे हा इतका जुना आणि सार्वत्रिक छंद होता, की सरळ चेहऱ्याने सांगितलेले सत्य तिथे कुणाच्या पचनी पडत नसे. वर्गीसने कॉफी प्यायली. गुळाची गोडी जिभेवर होती आणि मनात ती कुठेच उतरत नव्हती.

पुत्तनकोळात माणसाला दोन नावे असत. एक चर्चच्या किंवा देवळाच्या दारात मिळे, दुसरे अँथोणीच्या चहाच्या दुकानात. पहिले लग्नपत्रिकेपुरते आणि थडग्यापुरते. मधले सगळे आयुष्य दुसऱ्याच्या ताब्यात. दुसरे नाव ठेवण्याची कुणाला परवानगी मागत नसत आणि ते बदलून मिळत नसे. दरवर्षी पावसाचे भाकीत करून दरवर्षी तोंडावर पडणारा कुरियप्पन हा 'वेधशाळा' होता. इनाशूच्या रिक्षाचा सायलेन्सर गुड फ्रायडेच्या मूक मिरवणुकीत, ऐन प्रार्थनेच्या वेळी गळून पडला होता. त्या क्षणापासून त्याचे नाव 'सायलेन्सर'. बायकापोरेही त्याला त्याच नावाने हाक मारत आणि तो ओ देई. नाव कातडीसारखे असते. काही दिवसांनी ते अंगावर आहे हेही जाणवत नाही.

वर्गीसला मात्र ते जाणवत असे. रोज आणि प्रत्येक हाकेला.

तो मिसरूड फुटायच्या वयात होता, तेव्हाची गोष्ट. उपवासाच्या दिवसांत चर्चच्या अंगणात येशूच्या यातनांचे नाटक बसवले होते. त्यात वर्गीसला माणसाची भूमिका मिळाली नाही, आवाज मिळाला. पत्रोस नावाचा शिष्य आपल्या गुरूला तीनदा नाकारतो, 'मी त्या माणसाला ओळखत नाही' असे तीनदा म्हणतो आणि मग कोंबडा आरवतो. पडद्यामागे उभे राहून हे आरवणे वर्गीसच्या वाट्याला आले. त्याने त्यासाठी जिवाचे रान केले. कोळाच्या बांधावर एकटा जाऊन, भातशेतीवर साचलेल्या त्या अथांग पाण्याकडे तोंड करून तो रोज पहाटे आरवत असे आणि पलीकडच्या काठावरचे खरे कोंबडे त्याला उत्तर देत. आपल्या गळ्यात काहीतरी आहे, जे आपल्याहून मोठे आहे, असे त्याला त्या दिवसांत पहिल्यांदा आणि बहुधा शेवटचे वाटले होते.

पत्रोसाची भूमिका शंकुण्णी नायरला दिली होती. तो रोज सकाळी देवळात जाणारा, कपाळाला चंदन लावणारा पोरगा. पण गावात खरी दाढी तेवढी त्यालाच होती आणि फादर म्हणाले, देवाला चालेल.

नाटकाच्या संध्याकाळी शेकोटीजवळची दासी पत्रोसाला म्हणाली, "तूही त्याच्याबरोबर होतास ना?" पत्रोसाने उत्तर द्यायला श्वास घेतला. त्याने अजून एकदाही कुणाला नाकारले नव्हते. आणि पडद्यामागून, लांबलचक, स्वच्छ, निर्दोष असे आरवणे आले.

मग पत्रोस पडद्याकडे वळून म्हणाला, "थांब रे गडी, मी अजून काही बोललोच नाही!"

त्यानंतर जे हसणे सुटले, ते थांबवणे कुणाच्या हातात राहिले नाही. दोरीने बांधलेला येशूही हसताना दिसल्यावर फादरांनी पडदा पाडायला सांगितले. नाटक तिथेच मोडले, ते पुन्हा कधी उभे राहिले नाही. पत्रोसाचे तीन नकार तसेच, न उच्चारलेले, कुठेतरी हवेत लोंबकळत राहिले.

दुसऱ्या दिवशी चहाच्या दुकानात दोन नावे जन्माला आली. शंकुण्णी झाला 'पत्रोस', आणि त्याने ते नाव ठेवणीतल्या शालीसारखे खांद्यावर घेतले. पुढे तो वॉर्डाचा मेंबर झाला तेव्हा भिंतीवर त्यानेच ते रंगवून घेतले, 'आपला पत्रोस, शंकुण्णी नायर'. वर्गीस झाला 'कोंबडा'. पीठ दळायला येणाऱ्या बायका म्हणू लागल्या, कोंबड्याच्या गिरणीत जाऊन येते. लहान पोरे आदराने म्हणू लागली, कोंबडाचेट्टा, म्हणजे कोंबडादादा. त्याचे केस पिकले, पण नाव पिकले नाही.

हे सगळे त्याने सोसले असते. पण गेल्या वर्षी मुलीला बघायला चालक्कुडीहून पाहुणे आले. गाडी दुपारभर गावात फिरत राहिली. सी. के. वर्गीस कुठे राहतात, असे त्यांनी ज्याला ज्याला विचारले, त्याने त्याने गंभीरपणे डोके खाजवून, असा कुणी इथे नाही, असे सांगितले. शेवटी अँथोणीने चहा ओतता ओतता विचारले, माणूस करतो काय? पिठाची गिरणी आहे, असे कळताच अख्खे दुकान एका सुरात ओरडले, "अरे, कोंबडा!" आणि वेधशाळा कुरियप्पन गाडीच्या पुढच्या सीटवर बसून रस्ता दाखवायला निघाला. गाडी दारात थांबली, तेव्हा त्याने खिडकीतून मान बाहेर काढून हाक दिली, "कोंबड्या, बाहेर ये! तुझ्या पोरीला बघायला आलेत!"

सोयरीक जमली. मुलगी सुखात आहे. पण लग्नाच्या पंगतीत व्याह्यांनी त्याच्या पानात मांसाचा तुकडा वाढत, प्रेमाने, अगदी प्रेमानेच म्हटले होते, "घ्या, कोंबडाचेट्टा." नाव नदी ओलांडून दुसऱ्या गावात पोचले होते.

त्या पंगतीतच त्याने ठरवले. निवडणुकीला उभे राहायचे. भिंतीभिंतीवर आपले नाव लिहिले जाईल, भोंग्यावरून पुकारले जाईल, आणि निवडून आलो की लोकांना 'मेंबर वर्गीस' म्हणावेच लागेल. गावातल्या पोरांच्या क्लबाने त्याला उचलून धरले. त्याने दोनच अटी घातल्या. तो शब्द भिंतीवर लिहायचा नाही, आणि भोंग्यावरून उच्चारायचा नाही. तिसरी अट त्याने स्वतःला घातली. गावाकडची ती नाकातून हेलकावे घेत जाणारी, प्रत्येक वाक्याचे शेपूट वर उडवणारी बोली टाकून द्यायची; मेंबराने बातम्यांच्या भाषेत बोलायचे.

परिणाम असा झाला, की गावाने त्याला दुसऱ्याच कुणाचा तरी प्रचारक समजायला सुरुवात केली.

"कोंबडाचेट्टा, तुमचा तो वर्गीस येणार तरी कधी?" अँथोणीच्या दुकानात पंक्चरवाल्या दिवाकरनने विचारले. "एवढं फिरताय तुम्ही, आणि नवरदेव गायब."

"दुबईला असतो म्हणे," दुसरा म्हणाला.

"दुबईला नाही, कुवेतला. तिकडून हाकललाय त्याला."

"काहीही काय बोलता? चांगल्या घरचा आहे. फक्त एका कानानं ऐकू येत नाही."

"मित्रहो," वर्गीसने चहाचा ग्लास बाकावर ठेवला, "उमेदवार मी स्वतःच आहे. माझेच नाव वर्गीस."

मग दिवाकरनने उठून त्याच्यापुढे हात जोडले. "भेटून आनंद झाला. मी पोप."

दुकानातल्या निम्म्या लोकांना खरे माहीत होते आणि ते माहीत नसल्याचे सोंग करत होते. उरलेल्या निम्म्यांना खरोखरच माहीत नव्हते. कोण कुठल्या निम्म्यात, हे त्यांनाही धड सांगता आले नसते. वर्गीस उठून निघून गेला. स्वतःच्याच नावाची बदनामी स्वतःच्याच कानांनी ऐकण्याइतके एकाकीपण दुसरे कुठले असेल, असे त्याला रस्त्यात वाटले. दोन्ही बाजूंच्या भिंतींवर, ताज्या चुन्यावर निळ्या अक्षरांत लिहिलेले 'वर्गीस' उन्हात चमकत होते आणि कुठल्यातरी मेलेल्या माणसाच्या नावासारखे त्याच्याकडे बघत होते.

"मी सांगतो ते ऐका," सायलेन्सर इनाशू रिक्षा चालवता चालवता मान मागे वळवून म्हणाला. "आज एका रात्रीत सगळ्या छत्र्यांच्या शेजारी एकेक कोंबडा काढून टाकू. लाल तुरा, पिवळे पाय. उद्या निवडणूक खिशात."

"पुढे बघून चालवा. आणि तो विषय पुन्हा काढू नका."

"मला पण अहो-जाहो करायला लागलात? मी सायलेन्सर आहे, कलेक्टर नाही!"

घरी बायकोने, थ्रेस्याने, त्याच्या ताटात मासळीचे कालवण वाढले आणि ती कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "काल मीठ मागितलंत की निवेदन दिलंत, तेच मला कळेना. 'किंचित लवण मिळाल्यास बरे होईल!' अहो, मी काय विधानसभा आहे?"

"तुला तरी माझं नाव हवं आहे ना, थ्रेस्या?"

तिचा आवाज खाली आला. "मी तुम्हाला कधी त्या नावानं हाक मारली नाही. पण त्या नावाच्या माणसाशी लग्न केलं ना मी? तो हसरा होता."

प्रचार संपायच्या आदल्या दिवशी समोरचा उमेदवार, शंकुण्णी, गिरणीत आला. हातात वाळलेल्या मिरच्यांची पिशवी, दाढी आता कापसासारखी पांढरी.

"मिरची दळून हवी. आचारसंहितेत बसतं ना?"

"बसते," वर्गीसने पट्टा चढवला. गिरणी सुरू झाली आणि दोघेही काही वेळ शिंकत राहिले.

"गडी, एक विचारू? ही निवडणूक माझ्याविरुद्ध लढतोयस की त्या कोंबड्याविरुद्ध?"

वर्गीसचा इतक्या दिवसांचा बांध फुटला आणि त्याच्या नकळत शब्द गावाच्या वळणावर गेले. "तुला काय जातंय बोलायला? तुला पत्रोस मिळाला. संत! स्वर्गाच्या किल्ल्या ज्याच्या कमरेला लटकतात तो! मला काय मिळालं? पक्षी. तोही चुकीच्या वेळी ओरडणारा."

शंकुण्णीने मिरचीपूड पिशवीत भरून घेतली, नाक पुसले. "ती गोष्ट तू नीट ऐकली नाहीस कधी. त्यात पत्रोस खोटं बोलतो रे. खरं बोलणारा एकटा कोंबडा."

तो गेला. मिरचीचा झणका हवेत बराच वेळ राहिला. वर्गीसच्या डोळ्यांत पाणी होते, आणि ते मिरचीचे नाही असे म्हणायला तिथे कुणी नव्हते.

प्रचाराची शेवटची संध्याकाळ चौकात साजरी करायची, हा रिवाज. दोन्ही बाजूंचे लोक, दोन्हींचे झेंडे, दोन्हींचे चेंडा-ढोल बडवणारे चेंडेवाले, आणि ठरलेली वेळ होऊन पोलिसाची शिट्टी वाजेपर्यंत नाच. शंकुण्णी एका जीपच्या टपावर उभा होता. समोर सायलेन्सरच्या रिक्षात, उघड्या मागच्या बाजूला वर्गीस. चेंड्यांनी असा काही कल्लोळ मांडला होता, की ज्यांची मते एकमेकांविरुद्ध होती त्यांचे पाय एकाच तालावर पडत होते. गुलाबी रंगाने माखलेला वेधशाळा आकाशाकडे बोट दाखवून, पाऊस येणार नाही, असे ओरडत होता, म्हणून शहाण्या बायका छत्र्या उघडून उभ्या होत्या.

शंकुण्णीने हात वर केला. चेंडे थांबले.

"गड्यांनो! सगळे मला विचारतात, पत्रोस मेंबर, तुमच्याविरुद्ध उभा राहिलाय तो वर्गीस कोण? देवाशपथ सांगतो," त्याने माइक तोंडाच्या अगदी जवळ आणला, "मी त्या माणसाला ओळखत नाही!"

हशा पिकला. चेंड्यावर एक टिपरी पडली. रिक्षात वर्गीसचे कान तापले. शेवटच्या दिवशी, सगळ्या गावासमोर, तोही.

"खोटं बोलताय!" दिवाकरन गर्दीतून ओरडला. "काल गिरणीत तुम्ही त्याच्याबरोबर होता ना? मी पाहिलं तुम्हाला!"

शंकुण्णीने छातीवर हात ठेवला. त्याचा आवाज किंचित बदलला. त्यात एक जुना, शिकवून घेतलेला चढ आला. "अरे माणसा, तू काय म्हणतोस ते मला समजत नाही. मी त्या माणसाला ओळखत नाही."

आता हसणे विरत गेले. म्हातारी माणसे एकमेकांकडे बघू लागली. चर्चच्या अंगणात त्या संध्याकाळी बसलेली जेवढी डोकी अजून जिवंत होती, त्यांच्यात काहीतरी हलले. मासळीच्या टोपलीमागून कत्रीना उठली. तिने कधीकाळी त्या नाटकात शेकोटीजवळची दासी केली होती, आणि तिला आपले वाक्य अजून पाठ होते.

"नाही कसं?" कत्रीना कमरेवर हात ठेवून म्हणाली. "तूही त्यांच्यातलाच! तुझ्या बोलीवरूनच कळतं!"

सगळे चित्रासारखे उभे राहिले. शंकुण्णीने आकाशाकडे पाहिले, मग खाली. शपथ घेतल्यासारखा हात उंचावला आणि प्रत्येक शब्द वेगळा करून तो म्हणाला:

"मी. त्या माणसाला. ओळखत नाही."

आणि त्याने माइक खाली केला. पांढऱ्या दाढीतून तो सरळ रिक्षाकडे बघत राहिला. त्या नजरेत उपहास नव्हता. पडद्यामागे उभ्या असलेल्या मित्राकडे नट बघतो, तशी ती नजर होती, वाट बघणारी.

वर्गीसला सगळे एकदम कळले. हवेत लोंबकळत राहिलेले ते तीन नकार उच्चारून झाले होते. पडदा अजून वरच होता. गळ्यात काहीतरी फडफडले, जे इतकी वर्षे त्याने दाबून, इस्त्री करून, घडी घालून ठेवले होते. या वेळी त्याने घाई केली नाही. एक श्वास जाऊ दिला. आणखी एक. पुढच्या रांगेतल्या कुणाचा तरी श्वास अडकलेला त्याला ऐकू आला. मग त्याने सायलेन्सरच्या हातातला माइक घेतला, मान मागे टाकली आणि तो आरवला.

चौकातून निघालेला तो आवाज भिंतींवरच्या निळ्या अक्षरांवरून, सुपारीच्या शेंड्यांवरून, कोळाच्या पाण्यावरून पसरत पसरत पलीकडच्या काठाला जाऊन टेकला. तिकडच्या कुठल्याशा खुराड्यातून, अवेळी, उत्तर आले.

मग गाव फुटले. कत्रीनाने टोपलीतली मासळी उधळली की काय, असे वाटावे इतके काय काय हवेत उडाले. दोन्ही बाजूंच्या चेंडेवाल्यांनी एकमेकांकडे पाहून एकच ताल धरला. कोण कुणाचा झेंडा घेऊन नाचतोय, याला काही धरबंध राहिला नाही. पोलिसाची शिट्टी त्याच्या ओठांपर्यंत गेली आणि हसण्यामुळे वाजेचना.

"गड्यांनो!" वर्गीस ओरडला. त्याचा आवाज नाकातून हेलकावत, शेपूट उडवत निघाला होता आणि त्याला आवरायचे त्याच्या मनातही नव्हते. "एंदूट्टा, काय बघताय माझ्याकडं? मीच तो! कोंबडा! छत्री माझी! त्या वर्गीसला अजिबात मत देऊ नका, तो कोण कुठला मलाही ठाऊक नाही! मला द्या!"

"आता कशी वाचा फुटली!" दिवाकरन ओरडला. "पोपचं मत तुला!"

सायलेन्सर रिक्षाच्या हँडलवर डोके टेकून रडत होता की हसत होता, हे त्यालाही सांगता आले नसते. गर्दीच्या कडेला थ्रेस्या पदराने तोंड दाबून उभी होती. जीपवरून उतरून शंकुण्णी गर्दीतून वाट काढत आला आणि त्याने वर्गीसच्या इस्त्रीच्या सदऱ्यावर गुलाबी रंगाचे दोन्ही पंजे उमटवले.

"या वेळी बरोबर वेळेवर," तो म्हणाला. "केव्हाचा थांबलो होतो रे."

कोंबडा जिंकला. थोडक्या मतांनी, पण जिंकला. निकालाच्या दिवशी त्याला पहिल्यांदा खांद्यावर उचलणारा माणूस पांढऱ्या दाढीचा होता, आणि ते ओझे त्याला फार वेळ पेलले नाही, म्हणून दोघेही रस्त्यात पडले. मिरवणुकीत भोंग्यावरून घोषणा दुमदुमत राहिली. कागदावर जे नाव होते, तेच सायलेन्सर नियमाप्रमाणे पुकारत होता: आपले नवे मेंबर, वर्गीस! चेंडे वाजत होते, आणि मधूनमधून मागून कुणीतरी आरवत होते.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो एल्याचेडत्तीकडे गेला. सदरा जुनाच होता. गुलाबी पंजे धुऊनही गेले नव्हते. चेडत्तीला गुडघ्यांमुळे मतदानापलीकडे कुठे जाणे होत नसे. ती पडवीत बसून होती. त्याला पाहताच तिचे डोळे भरून आले.

"ये, बस. काही बोलू नकोस. मला सगळं कळलंय."

"काय कळलं, चेडत्ती?"

"काल भोंगा गेला ना इथून. ऐकलं मी. तो मेला वर्गीस निवडून आला." तिने त्याचा हात आपल्या सुरकुतलेल्या हातांत घेतला. "मी तुलाच दिलं होतं, बाबा. पोरं सांगून गेली होती, कोंबड्याची छत्री. मी त्या छत्रीवरच शिक्का मारला, चांगला दाबून मारला. तरी कसं काय झालं, देव जाणे. मोठ्या लोकांचं काही सांगता येत नाही. वाईट वाटून घेऊ नकोस."

त्याने तोंड उघडले. मीच तो, हे दोन शब्द जिभेच्या टोकाशी आले. किती वर्षे ते दोन शब्द एवढ्या एका क्षणासाठी झुरत होते! बाहेर फणसाखाली रिक्षा उभी होती आणि सायलेन्सरचा खोकला पुन्हा सुरू झाला होता. मेंबराने ते दोन शब्द गिळून टाकले. त्यांची चव वाईट नव्हती.

"जाऊ दे गं, चेडत्ती. तो वर्गीसपण बरा माणूस आहे म्हणतात."

"असेल. पण एकदा तरी दारात आला का? तू आलास." तिने पदराने डोळे टिपले. मग आवाजाला नेहमीची धार आली. "आता तुझी त्याच्याशी ओळख असेलच. त्याला सांग, या वळणावरचा दिवा कधीचा गेलाय. संध्याकाळी कोंबड्या खुराड्यात घालताना मला पायाखालचं दिसत नाही."

"सांगतो."

"खडसावून सांग. नुसता हात जोडून नको."

"खडसावूनच सांगतो. ऐकेल तो माझं."

"हं," चेडत्ती गुडघ्यावर हात दाबून उठली. "कॉफी पिणार की नाही?"

"पिईन की. गूळ जरा जास्त घाल."